घरात सीलिंग फॅन आहे, बाल्कनी उघडी असते. कॉकटीलचे (तुरा असलेल्या छोट्या पाळीव पोपटाचे) पंख कापून घ्यावेत का?

माझं मत विचाराल तर नको. हे एकदा हात पोळल्यावर सांगतोय.

आमचा बंड्या आणला तेव्हा दुकानदाराने त्याचा एकच पंख छाटून दिला होता. "एका बाजूचा कापला की लांब जात नाही," म्हणाला, आणि मला ते पटलं! तिसऱ्या दिवशी बंड्या पडद्याच्या दांडीवरून झेपावला, भोवऱ्यासारखा गरगरला आणि छातीवर आपटला. छातीच्या हाडावरची कातडी फाटली, दोन टाके पडले. जेमतेम नव्वद ग्रॅमचा जीव तो.

कापताना दुखत नाही म्हणतात ते खरं आहे. पूर्ण वाढलेलं पीस नखासारखं निर्जीव असतं. पण नव्याने उगवणाऱ्या पिसाच्या नळीत रक्त असतं. पंख उजेडासमोर धरलात तर ती नळी गडद दिसते. तिला कात्री लागली की रक्त लवकर थांबत नाही. शिवाय कापलेलं पीस वाढत नाही. ते झडून नवं यावं लागतं, त्यात महिने जातात. बंड्याला सात-आठ महिने लागले.

आणि पंख कापले म्हणजे पक्षी उडणार नाही, हा तर निव्वळ भ्रम. आमच्या खालच्या मजल्यावरच्यांची मादी अशीच गेली. पंख कापलेत म्हणून ते तिला खांद्यावर घेऊन बाल्कनीत उभे राहायचे. मधल्या काळात तीन-चार पिसं परत आली होती, ती कुणाच्या लक्षातच आली नाहीत. वाऱ्याची एक झुळूक आली आणि बाई समोरच्या गुलमोहरावर. परत काही आल्या नाहीत.

तेव्हा पंखापेक्षा पंख्याचं बघा. पक्षी पिंजऱ्याबाहेर असताना फॅन बंद, गॅसवर काही उकळत नाही, काचेच्या खिडकीवर पडदा ओढलेला. बाल्कनीला स्टीलची जाळी लावा, नायलॉनची चावून टाकतात. रोज राळ्याचं कणीस दाखवून हाक मारली की हातावर यायला शिकतात. बंड्याला तीन आठवडे लागले.

काही कारणाने कापायचेच असतील तर पक्ष्यांच्या डॉक्टरकडून कापून घ्या. दोन्ही बाजू सारख्या हव्यात, आणि टोकाकडच्या दहा मोठ्या पिसांपैकी पाच-सहाच, म्हणजे तो तरंगत खाली उतरू शकेल.

(हेच उत्तर हिरव्या पोपटासाठी वाचत असाल, तर १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्याने तो घरात पाळताच येत नाही.)

तुम्ही वय लिहिलेलं नाही. दोन-तीन महिन्यांचं पिल्लू असेल, तर ते नीट उडायला आणि मुख्य म्हणजे नीट उतरायला शिकेपर्यंत कुणालाही त्याच्या पंखाला कात्री लावू देऊ नका, डॉक्टरलाही नाही.