"मला धारवाडला नेणार काय ओ?"

पावसाळा लागला की माझ्याकडे मन मोकळं करायला येणाऱ्यांकडून हा प्रश्न मला हमखास ऐकायला मिळतो. आपल्या बेळगाव भागात धारवाड म्हटलं की मेंटल हॉस्पिटल, वेगळं सांगायला नको. आणि त्याच्या पोटातला खरा प्रश्न एकच, इतकी वर्षं झाली तरी पुरातलं ते डोक्यातनं जाईना, मी वेडा व्हायलोय काय?

चिकोडी तालुक्यातले, दूधगंगेच्या काठचे एक काका (ओळख पटू नये म्हणून थोडं बदललंय). ऑगस्ट 2019 च्या पुरात धाकटा भाऊ गेला. तेव्हापासून एकटेच, हातानं करून खातात, लग्नकार्याला जात नाहीत आणि पत्र्यावर पाऊस वाजला की बॅटरी घेऊन रात्रभर उंबऱ्यावर. पहिले तीन वेळा काही बोललेच नाहीत, मी पण खोदलं नाही, चहा पाजून पाठवलं.

चौथ्या वेळी म्हणाले, "म्हशी सोडून ये म्हणून मीच पाठवलो ओ त्याला."

"पाठवलात तेव्हा पाणी कुठवर होतं?"

"छातीला."

"छातीला पाणी असताना पाठवलात?"

बराच वेळ गप्प. मग वाकून हात घोट्यापाशी नेला. "न्हाई... एवढंच होतं. अंगणात नुस्तं पसरलेलं."

म्हणजे आठवणीत पाणी पहिल्यापासूनच छातीला! छातीभर पाण्यातला माणूस घोटाभर पाण्यातल्या माणसाला इतकी वर्षं दोष देत बसला होता. खरं सांगते, त्या दिवशी घरी जाताना मी कुंदा, आपली बेळगावी मिठाई, घेऊन गेले.

हे वेडेपण नव्हे. जिवावर बेतलेलं डोक्यात क्रमानं बसत नाही, आवाज आणि वास तेवढे अंगात राहतात. गोळ्या लागल्या तर जरूर घ्याव्यात, पण पाणी कुठवर होतं ते गोळी विचारत नाही, हे माझं मत. घरच्यांनी "विसर आता" म्हणू नये, रोज उकरू पण नये. रात्री घाबरायला झालं तर लाईट लावा, पाय जमिनीला टेकवा, आजची तारीख आणि साल मोठ्यानं म्हणा. झोपेसाठी दारू नको, तिनं झोप अजूनच मोडते. हा त्रास महिन्यावर गेला आणि झोप, कामधंदा बिघडला तर डॉक्टरांना दाखवा, धारवाडला दाखवून आलेला माणूस वेडा ठरत नाही. जाणं जमत नसेल तर टेली-मानस या सरकारी मानसिक आरोग्य हेल्पलाइनचा 14416 नंबर आहे, फुकट, मध्यरात्री पण लागतो.

काका अजून पावसात उठतात. मागच्या वेळी आले तेव्हा जाता जाता म्हणाले, बॅटरीतले सेल संपून आठ दिवस झाले, आणायचं राहूनच गेलंय.