शरभ खरा होता का?

प्रश्न : जंजिऱ्याच्या दरवाजावर पंजांत हत्ती धरलेला शरभ पाहिल्यापासून आमची सहा वर्षांची मुलगी रोज तोच काढते आणि ‘हा कुठे राहतो?’ असे विचारते. तिला खरे सांगावे का?

उत्तर : अवश्य सांगावे, मात्र तिच्या हातातला खडू काढून न घेता. शरभ रानात कधीच नव्हता. पुराणकथांतला हा प्राणी सत्तेची आणि पराक्रमाची खूण म्हणून महाराष्ट्रातल्या अनेक किल्ल्यांच्या दरवाजांवर कोरला गेला. खरे आणि कल्पित यांतला फरक या वयाची मुले बहुधा ओळखतात. तरीही हत्तीला पंजात धरणारा प्राणी त्यांना हवाहवासा वाटतो, कारण घरातले सगळेच त्यांच्याहून मोठे असतात, असे मला वाटते. त्याच्या शेपटीत आणखी किती हत्ती मावतील, हे तिलाच विचारा.