आईसाठी बिझनेसची सीट

प्रश्न : आई ७२ वर्षांची, गुडघे धरतात. नागपूर-मुंबई-लंडनचं इकॉनॉमीचं तिकीट काढलंय. सीट बिझनेसची केली तर किती खर्च धरू? — एक वाचक, धरमपेठ

उत्तर : ताई, नागपूरच्या सोनेगाव विमानतळावरून मुंबई जेमतेम दीड तास, तिथे पैसे घालू नका, पहिली रांग मागा. (आपत्कालीन दाराजवळ गुडघेदुखीवाल्यांना बसवत नाहीत.) खर्च लंडनच्या लांब टप्प्यावरच करा. त्याच विमानाचं आजचं बिझनेसचं भाडं पाहा, त्यातून भरलेलं वजा करा. बोलीची सोय (वरच्या वर्गाच्या सीटसाठी आपणच रक्कम सुचवायची) असेल तर त्याहून कमीच बोला. बोली माणशी, टप्प्यागणिक असते. जीएसटीही मोजा: इकॉनॉमीवर ५ टक्के, वरच्या वर्गांवर २२ सप्टेंबर २०२५पासून १८. माझ्या आईच्या वेळी मी परतीचा टप्पा धरलाच नव्हता, आणि परतताना तिचे पाय फार सुजले. तुम्ही तोही धरा.