५० लाखांचा फ्लॅट शेवटी कितीला पडतो?

तुमचा प्रश्न थोडक्यात असा: नाशिकला पाथर्डी फाट्याजवळ ५० लाखांचा टू बीएचके बघितलाय, बांधकाम चालू आहे, ताबा दीड वर्षाने. बँक ८ टक्क्यांनी ४० लाख द्यायला तयार आहे. २० वर्षांचा हप्ता ३३ हजारांवर जातो, म्हणून एजंट म्हणतोय ३० वर्षं घ्या, हप्ता हलका होईल. नवरा-बायको दोघं कमावता, घर शेवटी कितीला पडेल ते जाणून घ्यायचंय.

मी अंबडच्या एका कारखान्यात अकाउंट्स बघतो आणि २०२१ पासून स्वतःच्या घराचं कर्ज फेडतोय. त्यामुळे आधी आकडे, मग माझ्या बाबतीत काय घडलं ते.

४० लाख, ८ टक्के, २० वर्षं: हप्ता ३३,४५८ रुपये. एकूण भरणा ८० लाख ३० हजार, म्हणजे व्याजच ४० लाख ३० हजार. मुद्दलाएवढंच व्याज. तेच कर्ज ३० वर्षांसाठी घेतलं तर हप्ता २९,३५१ होतो आणि एकूण भरणा १ कोटी ५ लाख ६६ हजारांवर जातो. महिन्याला ४,१०७ रुपये हलके करायला तुम्ही २५ लाख ३६ हजार जास्त मोजणार. एजंट पहिला आकडा सांगतो, दुसरा सांगत नाही. उलट बाजूने बघा: १५ वर्षांत फेडलं तर हप्ता ३८,२२६ आणि व्याज २८ लाख ८१ हजार.

हे असं का होतं ते एकदा नीट समजून घ्या, म्हणजे पुढचं सगळं आपोआप कळेल. व्याज दर महिन्याला उरलेल्या मुद्दलावर लागतं. पहिल्या महिन्यात ४० लाखांवर व्याज होतं २६,६६७. तुमच्या ३३,४५८ मधून ते आधी वळतं होतं आणि मुद्दलात जातात फक्त ६,७९१. पाच वर्षं एकही हप्ता न चुकवता २० लाखांहून जास्त भरल्यावर शिल्लक निघते ३५ लाख. म्हणजे कर्ज फक्त ५ लाखांनी उतरलेलं असतं. हप्त्यातला मुद्दलाचा वाटा व्याजापेक्षा मोठा व्हायला ११ वर्षं आणि वर चार महिने लागतात. निम्मं कर्ज फिटायला साडेतेरा वर्षं. पाचव्या-सहाव्या वर्षी फ्लॅट विकायला काढणाऱ्या माणसाला बँकेचा शिलकीचा आकडा बघून धक्का बसतो, त्याचं कारण हेच.

आता माझं सांगतो. सप्टेंबर २०२१ मध्ये मखमलाबादच्या फ्लॅटसाठी ३० लाख घेतले, ६.८० टक्क्यांनी, २४० हप्ते, हप्ता २२,९००. तेव्हा रेपो दर (रिझर्व्ह बँक ज्या दराने बँकांना पैसे देते तो) ४ टक्के होता आणि इतकं स्वस्त कर्ज पुन्हा मिळणार नाही असं सगळेच म्हणत होते. मे २०२२ पासून रिझर्व्ह बँकेने रेपो वाढवायला सुरुवात केली. माझ्या खात्यातून मात्र महिन्याच्या पाच तारखेला तेच २२,९०० जात होते, म्हणून मी निश्चिंत होतो. बँकेचे एसएमएस यायचे, दर बदलल्याचे, मी ते वाचून सोडून द्यायचो.

त्या वर्षी दिवाळीचा बोनस आला. त्यातले ६० हजार कर्जात भरावेत म्हणून मी खातेउतारा काढला. जेवणाच्या टेबलावर कागद ठेवून बायकोला एकेक ओळ वाचून दाखवत होतो. दर ८.७०. व्याज २१ हजारांच्या वर, मुद्दल १,६०० च्या आसपास. आणि खाली कोपऱ्यात, उरलेले हप्ते: ३६४. ती म्हणाली, "परत वाच, २६४ असेल." मी परत वाचलं. १३ हप्ते भरून झाले होते, म्हणजे २२७ उरायला हवे होते. वर्षभर वेळेवर हप्ते भरून आमचं कर्ज ११ वर्षांनी लांबलं होतं. मी तेव्हा ३९ वर्षांचा होतो. ३६४ हप्ते म्हणजे सत्तरी गाठेपर्यंत, आणि पगार साठाव्या वर्षी बंद.

यात बँकेने काही बेकायदा केलं नव्हतं. दर वाढला की हप्ता तसाच ठेवून मुदत वाढवायची, ही तेव्हाची सर्रास पद्धत होती आणि करारात तसं लिहिलेलं होतं. तो करार मी वाचला नव्हता. दर आणखी वाढून ९.३० झाला तेव्हा तर २२,९०० मध्ये व्याज जेमतेम भागलं असतं. मी शाखेत जाऊन लेखी अर्ज दिला की मुदत मूळच्या २४० हप्त्यांवरच ठेवा, हप्ता वाढवा. हप्ता २६,४०० झाला, पुढे साडेसत्तावीस हजारांच्या घरात गेला. ती दोन वर्षं ओढाताणीची गेली, गाडी घ्यायचं पुढे ढकललं. पण उरलेले हप्ते महिन्याला एकेकाने कमी होऊ लागले आणि मला रात्री झोप लागू लागली.

म्हणून तुम्हाला कळकळीने सांगतो, हप्ता किती आहे यापेक्षा हप्ते किती उरलेत ते दर तीन महिन्यांनी बघत जा. आता नियम तुमच्या बाजूने आहेत. १८ ऑगस्ट २०२३ च्या रिझर्व्ह बँकेच्या परिपत्रकानुसार दर बदलला की हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडं थोडं, हे निवडायचा अधिकार कर्जदाराला आहे. हप्त्यात व्याजसुद्धा भागत नाही अशी वेळ येईपर्यंत मुदत ताणता येत नाही. दर तिमाहीला आतापर्यंत वसूल झालेलं मुद्दल, व्याज आणि उरलेले हप्ते दाखवणारं विवरण बँकेने द्यायचं आहे. आणि बदलत्या दराचं गृहकर्ज मुदतीआधी फेडलं तर व्यक्तीकडून दंड घेता येत नाही.

दर उतरतात तेव्हाही लक्ष लागतं. २०२५ मध्ये रेपो ६.५० वरून ५.२५ वर आला. माझ्या ओळखीतल्या काहींनी लगेच हप्ता कमी करून घेतला. मी हप्ता तोच ठेवला, त्यामुळे मुदत आपोआप आखूड झाली. एक खोच मात्र आहे. १ ऑक्टोबर २०१९ पासून बँकांना बदलत्या दराची नवी गृहकर्जं रेपोसारख्या बाहेरच्या दराशी जोडावी लागतात, पण गृहवित्त कंपन्यांना ते बंधन नाही, त्या स्वतःच्या मूळ दरावर चालतात. तिथे दर चढताना पटकन चढतो आणि उतरताना रेंगाळतो, असा माझ्या दोन सहकाऱ्यांचा अनुभव आहे. तुमचं कर्ज बँकेचं आहे, तरी रेपोवर किती टक्के जादा लावलेत हे विचाराच. तो फरक वीस वर्षं तुमच्या मानेवर बसणार आहे.

आता व्याजाबाहेरचा खर्च. तुमचा फ्लॅट बांधकामाधीन आहे आणि ४५ लाखांच्या वर आहे, म्हणून ५ टक्के जीएसटी, अडीच लाख. ४५ लाखांपर्यंत आणि चटई क्षेत्र ९० चौरस मीटरच्या आत असता तर १ टक्काच लागला असता. भोगवटा दाखला (इमारत राहायला तयार असल्याचं पालिकेचं पत्र) मिळालेल्या तयार फ्लॅटला तर जीएसटी नाहीच, त्यामुळे त्याच परिसरात ५२ लाखांचा तयार फ्लॅट मिळत असेल तर तो महाग समजू नका. नाशिक महापालिका हद्दीत मुद्रांक शुल्क ६ टक्के धरा, ३ लाख. फक्त बाईच्या नावावर खरेदी असेल तर १ टक्का सवलत, म्हणजे तुमचे ५० हजार वाचतात. दोघांच्या नावावर घेतलं तर ती मिळत नाही. नोंदणी फी ३० हजार. तारणाच्या दस्तावर कर्जाच्या ०.३ टक्के, १२ हजार. वर प्रोसेसिंग फी, वकिलाचा शोध अहवाल. हे सहा लाख बँक देत नाही, कारण ३० ते ७५ लाखांच्या कर्जात ती किमतीच्या ८० टक्क्यांपर्यंतच जाते आणि त्या किमतीत मुद्रांक शुल्क, नोंदणी धरत नाही. म्हणजे हातात १० नाही, १६ लाख हवेत. ते नसले की लोक पतसंस्थेकडून किंवा सोनं तारण ठेवून उचलतात, आणि सगळ्यात महाग पैसा तोच असतो. १६ लाख जमलेले नसतील तर माझं मत स्पष्ट आहे, वर्षभर थांबा. सिंहस्थाआधी भाव वाढतील म्हणून आत्ताच घ्या, असं सध्या जो तो ऐकवतोय. त्या घाईत उचललेलं वरचं कर्ज भाववाढीपेक्षा जास्त बोचतं.

ताबा मिळेपर्यंतच्या काळात बँक टप्प्याटप्प्याने पैसे बिल्डरला देते आणि तुमच्याकडून बहुतेक वेळा फक्त दिलेल्या रकमेवरचं व्याज घेते. दीड वर्षात सरासरी २५ लाख दिले गेले तर महिन्याला १६,६६७, एकूण ३ लाख. मुद्दलातला एक रुपयाही कमी होत नाही आणि सध्याच्या घराचं भाडंही चालू राहतं. ताबा सहा महिने लांबला तर आणखी लाख-दीड लाख. महारेराच्या (गृहप्रकल्पांवर देखरेख ठेवणाऱ्या राज्याच्या प्राधिकरणाच्या) संकेतस्थळावर त्या प्रकल्पाची ताब्याची तारीख किती वेळा पुढे गेलीय ते बघूनच टोकन द्या. शक्य असेल तर पहिल्या दिवसापासून पूर्ण हप्ता सुरू करायला सांगा.

विम्याचं एक खास सांगायचंय, कारण ते सही करताना घाईत घडतं. कर्जाला जोडलेला एकरकमी विमा तुमच्यापुढे येईल, समजा १ लाख २० हजारांचा. "तुम्हाला आत्ता काही भरायचं नाही, कर्जातच टाकतो," असं सांगतील. कर्जात टाकला की त्यावरही २० वर्षं व्याज. महिन्याला हजार रुपये, एकूण २ लाख ४१ हजार. विमा जरूर घ्या, दोघांचाही घ्या, पण साधा टर्म विमा (मुदतीत मृत्यू झाला तरच पैसे देणारा) वेगळा घ्या. कर्जासाठी बँकेचाच विमा घेणं सक्तीचं नाही, तसं कुणी म्हणालं तर लेखी मागा.

करबचत मी आता धरतच नाही. राहत्या घराच्या व्याजावरची २ लाखांपर्यंतची वजावट जुन्या करपद्धतीत आहे, नव्या पद्धतीत नाही, आणि बहुतेक पगारदार आता नव्यात गेलेत. तुम्ही दोघं कुठल्या पद्धतीत आहात ते बघा.

सगळं धरलं तर ५० लाखांचा फ्लॅट २० वर्षांत साधारण १ कोटीला पडतो, घरपट्टी आणि सोसायटीचा देखभाल खर्च वेगळा. ३० वर्षांत सव्वा कोटीला. पण या आकड्याने घाबरून जाऊ नका, कारण २० वर्षांनंतरचा रुपया आजचा नसतो. महागाई ६ टक्के धरली तर तुमचा शेवटचा ३३,४५८ चा हप्ता आजच्या साधारण १०,४०० इतकाच जड वाटेल. खरं ओझं पहिल्या सात-आठ वर्षांत असतं आणि नेमकं तेव्हाच जादा भरलेला पैसा सगळ्यात जास्त काम करतो. पहिल्या वर्षाच्या शेवटी १ लाख जादा भरलेत तर शेवटचे १३ हप्ते गळतात. तेच १ लाख पंधराव्या वर्षी भरलेत तर जेमतेम चार. दरवर्षी एक हप्ता जादा भरलात तर कर्ज सव्वातीन वर्षं आधी संपतं आणि साडेसात लाख वाचतात. पगारवाढीबरोबर हप्ता दरवर्षी ५ टक्क्यांनी वाढवत नेलात तर साडेबारा वर्षांच्या आतच मोकळे होता. जादा पैसे भरताना हप्ता तोच ठेवून मुदत कमी करा, असं अर्जात लिहा. मात्र सहा महिन्यांच्या हप्त्यांइतकी रक्कम बाजूला ठेवल्याशिवाय कर्जात जादा रुपयाही टाकू नका. सातपूर-अंबडमध्ये कामगार कपात कशी अचानक होते ते आपण पाहिलंय.

काही जाणकार म्हणतात, दंड नाही तर ३० वर्षांचं घ्या आणि जमेल तसं जादा भरा, अडचणीत हप्ता हलका राहील. हिशोबाने ते चूक नाही. पण जादा भरणं दरवर्षी मनाने करावं लागतं, आणि मुलांची फी, आईचं ऑपरेशन, गावाकडची विहीर यांत ते राहून जातं. तुमचे दोन पगार आहेत, एका पगारात ३३ हजार बसत असतील तर २० वर्षंच घ्या.

सह्या करण्याआधी बँकेकडून मुख्य तथ्यांचं विवरणपत्र (की फॅक्ट स्टेटमेंट) मागून घ्या. १ ऑक्टोबर २०२४ पासून ते देणं बंधनकारक आहे. त्यात सगळ्या फिया धरून होणारा वार्षिक दर आणि हप्त्यांचा पूर्ण तक्ता असतो. ८ टक्के म्हणून दाखवलेलं कर्ज प्रत्यक्षात किती टक्क्यांना पडतंय ते त्या एका ओळीत दिसतं. दोन बँकांची पत्रं शेजारी ठेवून ती ओळ ताडून बघा. हाती आल्यावर दर, फी आणि विम्याचा आकडा इथे खाली लिहिलात तर मी एक्सेलमध्ये मांडून देतो.