हीटरवर कापूर ठेवू नकोस

बाबू, सुवासासाठी हीटरच्या जाळीवर कापूर ठेवतोस हे ऐकून काळजात धस्स झालं. कापूर क्षणात पेटतो. अत्तर आणि स्प्रेसुद्धा हीटरजवळ नकोत.

आपल्या नागपुरात संत्र्यांना काय तोटा? आंबिया बहराची संत्री थंडीत घरात असतातच. साल नखानं चुरगळ, तेलाचे बारीक थेंब उडतात, खरा वास त्यातच. ती साल आणि दोन लवंगा पाण्यात उकळ, गॅस बंद कर आणि पातेलं हीटरपासून तीन फूट दूर, वायरपासून लांब ठेव. गरम हवेसोबत वास खोलीभर जातो, कोरडी हवाही जराशी ओलसर होते.

थंडीत हीटर पहिल्यांदा लावला की करपट वास येतो तो आत जमलेल्या धुळीचा. प्लग काढून, कोरड्या ब्रशनं झाडून घे. २००० वॅटचा हीटर १६ अँपिअरच्या सॉकेटलाच लाव, एक्स्टेन्शन बोर्डाला कधीच नको.

आणि आजी थंडीत कोळशाची शेगडी खोलीत घेतात ना, ती आजच बंद करा. जळत्या कोळशातून निघणाऱ्या कार्बन मोनॉक्साइड या विषारी वायूला वास नसतो, झोपेतच माणूस जातो. खिडकी मात्र रोज सकाळी दहा मिनिटं सताड उघड. कुबट वास त्यानंच जातो, सुवास नंतर.