त्यात सगळे लगेच खातात

‘डबा उघडला की सकाळी भरला तसाच असतो. कुणाला देत नाही, कुणाचं घेत नाही. मॅडम, हा आप्पलपोटा होणार का?’

पहिलीतल्या मुलाची आई विचारत होती. मुलांच्या अडचणी घेऊन पालक माझ्याकडे बोलायला येतात. शाळा सुरू झाली की हा प्रश्न कुणा ना कुणाच्या तोंडून येतोच, आणि गोव्यात त्याला बहुतेक वेळा भाषेची गाठ बसलेली असते. कुंडई, बेतोडा, वेर्णा इथल्या औद्योगिक वसाहतींमुळे बाहेरची कुटुंबं सतत येत असतात. घाटावरून आलेल्या घरांना वाटतं, मराठी शाळा आहे ना, मग अडचण कसली? पण वर्गात मराठी असली तरी मधल्या सुट्टीत अंगणात कोंकणीच चालते, आणि मागच्या बाकांवर कन्नड किंवा हिंदी. सहा वर्षांच्या पोराला बाईंचं सगळं कळतं, पण शेजारी बसलेल्याचं काहीच कळत नाही. आणि डबा तर शेजाऱ्यासमोरच उघडायचा असतो.

हे कुटुंब सोलापूर जिल्ह्यातलं. वडिलांची बदली कुंडईच्या एका औषध कारखान्यात झाली आणि फोंड्यात भाड्यानं घर घेतलं. मुलाला इथे सोनू म्हणते. ओळख पटेल असे तपशील बदलले आहेत आणि आईच्या परवानगीनं लिहिते आहे. आई जागरूक होती. डबा परत येऊ लागल्यावर तिनं ‘वाटून खावं’ या विषयावरची बरीचशी चित्रपुस्तकं आणली आणि रोज रात्री एक वाचायला घेतलं. काही दिवसांनी सोनू ती पुस्तकं पलंगाखाली ढकलू लागला. आईला वाटलं, पुस्तकांचाही उपयोग नाही.

मी सोनूला विचारलं, ‘ती पुस्तकं आवडत नाहीत का रे?’

‘नाही.’

‘का बरं?’

बराच वेळ तो खुर्चीच्या कडेला नख घासत राहिला. मग म्हणाला, ‘त्यात सगळे लगेच खातात.’

घरी जाऊन मी तशी पुस्तकं पुन्हा चाळली. त्याचं अगदी खरं होतं. एक पिल्लू असतं, ते आपलं फळ कुणाला देत नाही. एकटं पडतं, रडवेलं होतं. मग त्याला उपरती होते, ते फळ पुढे करतं आणि पुढच्या पानावर सगळे हसत खात असतात. दिलं की घेतलं जाणारच, हे त्या पुस्तकांनी धरूनच चाललेलं असतं. सोनूचं दुखणं नेमकं तिथेच होतं. त्यानं दिलं होतं. घेतलं कुणीच नव्हतं.

हळूहळू कळलं ते असं. शाळेच्या पहिल्या दिवसांत आई डब्यात कडक भाकरी आणि शेंगांची चटणी देत असे. सोनूनं भाकरीचा तुकडा मोडला, त्यावर चटणी ठेवली आणि शेजारच्या मुलापुढे धरला. त्या मुलानं वास घेतला, लसणाचा झणका नाकात गेला असणार, ‘शी’ म्हणून तो मागे सरला. दोघंतिघं हसली. तो काहीतरी बोललाही, पण ते सोनूला समजलं नाही. न समजलेलं बोलणं मूल आपल्या मनानं पूर्ण करतं, आणि ते नेहमी वाईटच पूर्ण करतं. पुढे आईनं ‘इथे कुणी भाकरी खात नाही वाटतं’ म्हणून पाव आणि जॅम द्यायला सुरुवात केली. हेतू चांगला होता. पण भाकरीच चुकीची होती, असा शिक्का त्यावर बसला. वर रोज रात्री पुस्तक सांगणार की जो देत नाही तो वाईट.

अन्न आणि भाषा यांची गाठ मुलांच्या मनात फार लवकर बसते. अमेरिकेतल्या झोई लिबरमन, कॅथरीन किन्झलर आणि त्यांच्या सहकाऱ्यांचा 2016 साली प्रसिद्ध झालेला एक अभ्यास मी पालकांना आवर्जून सांगते. एकच भाषा बोलणाऱ्या दोन माणसांना एकच पदार्थ आवडेल, अशी अपेक्षा अगदी तान्ह्या मुलांचीही असते, असं त्यात दिसलं. वेगळी भाषा बोलणाऱ्यांबद्दल त्यांची तशी अपेक्षा नव्हती. मात्र ज्या बाळांच्या कानांवर घरीच दोन भाषा पडत होत्या, त्यांनी भाषा वेगळी असूनही आवड एक असेल असं धरलं. एखाद्यानं पदार्थ खाऊन तोंड वाकडं केलं, तर तो पदार्थ दुसऱ्यालाही आवडणार नाही, असं मात्र बाळांनी मानलं, मग बोलणाऱ्यांची भाषा कुठलीही असो. म्हणजे ‘शी’ला दुभाष्या लागत नाही. ती थेट पोचते. म्हणूनच ‘अहो, लहान मुलं आहेत, विसरतील’ हे मला पटत नाही.

आईला मी दोनच गोष्टी सांगितल्या. भाकरी डब्यात परत आणा. आणि वाटून खाण्याची पुस्तकं काही दिवस बाजूला ठेवून पुस्तकं वेगळ्या नजरेनं निवडा.

निवडायची कशी? माझ्यापुरती कसोटी अशी की पुस्तकात कुणीतरी एकदा तरी ‘नको’ म्हटलेलं असावं आणि त्यानंतरही गोष्ट पुढे सरकलेली असावी. चिमणी आणि कावळ्याची खिचडीची जुनी गोष्ट आपल्या आज्या सांगत आल्या. एकाची डाळ, एकाचे तांदूळ, आणि मग खिचडीवरून भांडण. मुलं ती पुन्हा पुन्हा मागतात, कारण त्यात सगळं गोडगोड नाही. दुसरं असं की दोन्ही बाजूंनी काहीतरी दिलं जावं. परक्या भाषेचं मूल दाखवताना बऱ्याच पुस्तकांत ते बिचारं, उपाशी आणि गप्प असतं, आणि आपल्या भाषेचं मूल त्याला खाऊ देऊन मोठं होतं. नव्या मुलाला असं नेहमी घेणाऱ्याच्या जागी बसवलं तर ते मैत्रीत येत नाही, उपकारात येतं. देवळांमधला काला मुलांनी पाहिलेला असतो. फोंडा तालुक्यात माशेलचा चिखलकालो, म्हणजे चिखलात खेळायचा काला, तोही आहे. गोपाळांनी शिदोऱ्या सोडल्या आणि एकत्र कालवल्या, त्यात कोण यजमान आणि कोण पाहुणा? माझ्या मते वाटून खाण्याच्या कुठल्याही चित्रपुस्तकाचं मोजमाप याच प्रश्नानं करावं.

आणि शब्द कमी असावेत, किंवा नसावेतच. चित्रावर दोन भाषांची मुलं सारखाच हक्क सांगू शकतात. लिखित गोष्ट मोठा माणूस वाचतो आणि मूल ऐकतं. बिनशब्दांच्या पुस्तकात सांगणारं मूल असतं.

माझ्या खोलीत काही साधी रेखाचित्रं आहेत. त्यातल्या एकात एक मूल वाटी पुढे धरून उभं आहे आणि दुसऱ्याची पाठ अर्धी वळलेली आहे. ते चित्र सोनूसमोर ठेवून मी गप्प बसले. हे गप्प बसणं पालकांना सगळ्यात जड जातं. आपण लगेच ‘बघ, तो कसा देतोय!’ म्हणून मोकळे होतो. सोनूनं बोट वाटीवरून त्या मुलाच्या चेहऱ्यावर नेलं.

‘ह्यानं आता झाकण लावायचं,’ तो म्हणाला.

‘मग?’

‘मग घरी जाऊन सांगायचं, भूक नव्हती.’

आई शेजारीच बसली होती. तिनं पदर तोंडाला लावला. तिथे कुठलाही उपदेश घुसवायचा नाही, एवढंच मी त्या दिवशी सांभाळलं.

पुढचं काम माझ्या खोलीत झालं नाही, घरमालकीण काकींच्या अंगणात झालं. मी आईला सुचवलं होतं की एकच गोष्ट दोन भाषांत वाचता आली तर पाहा. प्रथम बुक्स या प्रकाशन संस्थेनं 2015 साली सुरू केलेल्या स्टोरीवीव्हर या संकेतस्थळावर मुलांची चित्रपुस्तकं मोफत वाचता येतात. अनेक गोष्टी वेगवेगळ्या भारतीय भाषांत आहेत, त्यांत मराठी आणि कोंकणीही आहेत. खुल्या परवान्यामुळे त्या छापूनही घेता येतात. पणजीला पाटोवर कृष्णदास शामा मध्यवर्ती ग्रंथालयात मुलांचा विभाग आहे, त्या ग्रंथालयाची सुरुवात तर 1832 सालची. पण फोंड्याहून दर आठवड्याला मुलाला घेऊन पणजी कोण करणार? या आईनं मोबाइलवरच काम भागवलं. आई एक पान मराठीत वाचायची, काकी तेच पान कोंकणीत, आणि सोनू मधे.

एका रविवारी अकराच्या सुमाराला काकींनी त्याला पेज दिली, सोबत मिठाच्या पाण्यात मुरवलेल्या बाळकैऱ्या, इथे ज्यांना तोरां म्हणतात. सोनूनं एक चावली आणि त्याचं तोंड वेडंवाकडं झालं. काकी खळखळून हसल्या. म्हणाल्या, ‘जाय जाल्यार खा, नाका जाल्यार रावूं दी.’ हवं तर खा, नको तर राहू दे. वाटी तिथेच राहू दिली आणि त्या तांदूळ निवडायला बसल्या. त्यांना वाईटही वाटलं नाही आणि त्यांनी पुन्हा आग्रहही केला नाही. थोड्या वेळानं सोनूनं नुसती पेज पिऊन टाकली.

पुढच्या भेटीत त्यानं मला हे सगळं सांगितलं आणि शेवटी, जरा हळू आवाजात, म्हणाला, ‘मी पण तोंड केलं. पण काकी मला आवडतात.’

एवढं मी त्याला कितीही समजावून सांगितलं असतं तरी पोचलं नसतं. नाकारणाऱ्याच्या जागी तो एकदा स्वतः बसला आणि शेजारच्या मुलाची ‘शी’ लसणाला होती हे त्याला आपलं आपणच दिसलं. नवीन चवीला लहान मुलं नाक मुरडतात, त्यात अपमान नसतो. दोन ते सहा या वयात हे सर्वाधिक असतं, आणि एखादा पदार्थ जिभेवर रुळायला आठ ते पंधरा वेळा समोर यावा लागतो असं आहारतज्ज्ञ सांगतात. घरच्या मुलानं कारलं ढकललं तर आपण मनाला लावून घेत नाही, पण परक्यानं आपली भाकरी ढकलली की लागतं.

मग मायलेकांनी वहीची पानं दुमडून स्वतःचं पुस्तक केलं. एका पानावर भाकरी, एकावर चटणी, एकावर पेज. एक पान सोनूनं हट्टानं घातलं: नुसता एक चेहरा, जीभ बाहेर, डोळे मिटलेले. खाली आईनं मराठीत लिहिलं, काकींनी कोंकणीत सांगितलेलंही आईनंच लिहून घेतलं. बाईंनी ते वर्गात दाखवलं. जीभ बाहेर काढलेल्या पानावर अख्खा वर्ग हसला, या वेळी सोनूसकट.

सगळं सुरळीत झालं असं मी म्हणणार नाही. शेजारच्या त्या मुलानं भाकरी शेवटपर्यंत खाल्ली नाही. पण मागच्या बाकावरची एक मुलगी, उत्तर कर्नाटकातून आलेली, वर्गात फारसं न बोलणारी, भाकरीचं चित्र पाहून उठून पुढे आली. ज्वारीची भाकरी आणि शेंगांची चटणी तिच्या घरचीच. तिनं तुकडा घेतला आणि दुसऱ्या दिवशी स्वतःच्या डब्यातलं काहीतरी झाकणावर घालून त्याला आणून दिलं. ते काय होतं हे सोनूला सांगता आलं नाही. खाल्लं मात्र सगळं.

पालक यापुढे जे विचारतात तेही सांगून टाकते. उष्ट्याचं काय? तोंड लावलेलं वाटायला लावू नका. खायला बसण्याआधीच डब्याच्या झाकणात काढून द्यायची सवय लावा. पाण्याची बाटली प्रत्येकाची आपली, द्यायचंच असेल तर वरून ओतून. दाणे, दूध, अंडी, मासे यांची काही मुलांना ॲलर्जी असते आणि ती जिवावर बेतू शकते, म्हणून वाटून खाण्याआधी बाईंना विचारायचं हा नियम मुलालाही माहीत हवा. काही घरांत मासे चालत नाहीत, काहींत सोमवारी नाहीत, काहींत अमुक मांस वर्ज्य. मुलानं ते पाळावं की नाही हा घराचा प्रश्न आहे, त्यात मी पडत नाही. पण ‘आमच्याकडे खात नाहीत’ हे नाक न मुरडता, समोरच्याच्या डब्याला नावं न ठेवता म्हणायला शिकवणं हे आईबापांचंच काम, आणि ते मूल पानावर बसलेल्या मोठ्यांचं बघून शिकतं.

नव्या भाषेत पडलेलं मूल काही आठवडे, कधी काही महिने गप्प राहतं. ऐकत असतं, साठवत असतं. खेळात मिसळतंय, खुणांनी सांगतंय, जेवतंय, तर थांबा. पण घरी धबधब्यासारखं बोलणारं मूल शाळेत महिनाभरानंतरही तोंड उघडत नसेल, ओळखीच्या भाषेतही नाही, वजन उतरत असेल किंवा रोज सकाळी पोट दुखत असेल, तर ते फक्त भाषेचं नाही. तेव्हा शाळेच्या समुपदेशकाला किंवा बालरोगतज्ज्ञाला भेटा.

सोनूच्या आईनं शेवटच्या भेटीत विचारलं, ‘आता घरीही कोंकणीच बोलू का? आम्हाला मोडकीतोडकी येते.’ मी म्हटलं, घरी तुमची मराठी भरभरून बोला, सोलापूरकडची, आहे तशी. कोंकणी त्याला काकी आणि अंगण देईल. तुम्ही शिका जरूर, पण काकींकडून, आणि त्याच्या समोर चुकत शिका.