टोमॅटोशिवाय सॉस: आधी आंबट, मग लाल

प्रश्न: नवऱ्याला टोमॅटोची ॲलर्जी आहे आणि मुलांना पास्ता, पिझ्झा हवाच असतो. म्हणून गाजर आणि बीट उकडून मिक्सरमधून काढलं. सॉस भडक गुलाबी झाला आणि चवीला गोडमिट्ट. काय चुकलं? आणि एकदम भरपूर करून बरणीत भरला तर टिकेल का?

उत्तर: प्रमाण तुम्ही लिहिलेलं नाही, पण रंगावरूनच कळतंय की बीट सढळ हाताने पडलंय. अर्धा किलो गाजराला लिंबाएवढं बीट पुष्कळ झालं. मग रंग वीटकरी लाल येतो. पण सगळे रंगाच्याच मागे लागतात आणि टोमॅटोचं खरं काम, म्हणजे आंबटपणा, विसरून जातात. तुमच्या सॉसचं तेच झालंय.

उकडणं आधी बंद करा. दोन कांदे बारीक चिरून तेलात मंद आचेवर परता, कडा तांबूस होईपर्यंत. इथे घाई केलीत तर पुढे कितीही मसाले घाला, सॉसला बाळांच्या पेजेची चव येते. मग लसूण, गाजर, बीट आणि दाटपणासाठी पावकिलो लाल भोपळा घाला. अर्धी वाटी पाणी घालून झाकण ठेवा. गाजराची फोड चमच्याने दाबल्यावर सहज मोडली पाहिजे. तोवर लिंबू किंवा व्हिनेगर अजिबात घालायचं नाही, कारण आंबटात भाज्या लवकर मऊ होत नाहीत.

गुळगुळीत वाटून घेतलं की मीठ आणि लिंबाचा रस घाला. साधारण दोन मोठे चमचे रस लागेल, पण एकदम ओतू नका. अर्धा अर्धा चमचा घालत चाखत जा. एका टप्प्यावर गाजराचा गोडवा मागे सरतो आणि चव एकदम सॉससारखी लागते. तिथेच थांबा. आंबटामुळे बीटचा रंगही टिकायला मदत होते, पण फार उकळलं तर तो तपकिरी पडतोच. त्यामुळे ओरेगॅनो, बेसिल घालून पाचच मिनिटं गॅसवर ठेवा. टोमॅटोत ग्लुटामेट असतं, त्याने चवीला भरीवपणा येतो. तो हवा असेल तर कांद्याबरोबर थोडे मशरूम परता, नाहीतर शेवटी चमचाभर सोया सॉस घाला.

अशा पाककृतींत हमखास लाल ढोबळी मिरची सांगतात. ती टोमॅटोच्याच कुळातली, बटाटा आणि वांगंही त्यातलंच. ॲलर्जी असलेल्या प्रत्येकाला ती बाधेलच असं नाही, पण डॉक्टरांना विचारल्याशिवाय घालू नका. दुसऱ्या कुणी मूतखड्यामुळे टोमॅटो सोडला असेल, तर त्यांनी बीट वगळावं. मूतखडा व्हायला हातभार लावणारं ऑक्झलेट बीटमध्ये टोमॅटोपेक्षा खूपच जास्त असतं, म्हणजे आगीतून फुफाट्यात!

बरणीचं उत्तर मात्र स्पष्टपणे ‘नाही’ असंच आहे. गाजर, भोपळा, बीट या कमी आम्लाच्या भाज्या. पीएच, म्हणजे आम्लतेचं माप (आकडा जितका कमी तितकं आंबट), ४.६च्या वर असेल तर हवाबंद बरणीत बोट्युलिझम या जीवघेण्या विषबाधेचे जंतू वाढू शकतात आणि त्यांचं विष दर वेळी वासावरून किंवा चवीवरून ओळखू येत नाही. चवीपुरत्या लिंबाने पीएच पुरेसा खाली येईलच, याची खात्री देता येत नाही. फ्रिजमध्ये तीन-चार दिवस ठेवा. जास्त केलात तर एका वेळेला लागेल तेवढा छोट्या डब्यांत भरून फ्रीझरमध्ये टाका, दोन-तीन महिने छान राहतो. डबा काठोकाठ भरू नका, गोठताना सॉस फुगतो.